अर्धा वाडगा

दाराच्या फटीला त्याने डोळा लावला तेव्हा त्याची मुलगी पावाच्या तुकड्याने वाडगा पुसत होती. अगदी तळापर्यंत. बिटाचा लाल रंग पावाला लागला, पाव तोंडात गेला, मग बोट वाडग्यातून फिरलं आणि तेही तोंडात गेलं. शेजारी बसलेला मुलगा काहीतरी बोलला आणि ती बोट तोंडात तसंच ठेवून हसली. दात लालभडक झाले होते.

तो फटीपासून मागे सरला. आपण लवकर आलो हे कुणाला कळायला नको म्हणून पावलं न वाजवता जिना उतरला, खाली फाटकाशी थोडा वेळ थांबला आणि नुकताच पोचल्यासारखा पाय आपटत पुन्हा वर आला.

काल घरी त्याने हेच बीट केलं होतं. असंच उकडून, कुस्करून, वर दही घालून. वाडगासुद्धा असाच पिवळा, दुकानं पालथी घालून आणलेला. मुलीने चमच्याने बिटाच्या मधोमध रेघ मारली, रेघेच्या अलीकडचं खाल्लं आणि चमचा ठेवून दिला. पोट भरलं म्हणाली.

खाली मुलांचा दवाखाना होता. ज्या मुलांचं वजन वाढत नसे, किंवा जी पाकिटातल्याशिवाय कशाला तोंड लावत नसत, त्यांना डॉक्टर वरच्या मजल्यावर पाठवत. वर एका लांबट खोलीत बुटकी टेबलं, बुटक्या खुर्च्या, कोपऱ्यात शेगडी आणि तिच्यावर भलंमोठं पातेलं. तिथे एक बाई आईबापांना शिकवायची, की मुलांना साधं, ताजं, झाडामातीतून आलेलं कसं खायला घालायचं. काही दुपारी मुलं तिच्याकडेच जेवत. तिच्या ॲप्रनच्या खिशात कायम एक सोललेलं गाजर असे. एखादी आई तक्रार सांगायला लागली की ती गाजराचा चावा घ्यायची, म्हणजे चावून होईपर्यंत उत्तर द्यायला नको. तोवर बहुतेक तक्रारी आपोआप संपत. मुलं तिला गाजरमावशी म्हणत आणि आता मोठ्यांच्या तोंडीही तेच बसलं होतं.

तो आत गेला तेव्हा गाजरमावशी त्याच्या मुलीचं सुटलेलं केसांचं रबर नीट बसवत होती. मुलगी मान खाली घालून शांत उभी होती. त्याच्यापुढे ती अशी कधी उभी राहत नसे. सकाळी तो केस विंचरायला घ्यायचा तेव्हा फणी लागते, ओढतोस, नको, असं सगळं व्हायचं.

"आज काय खाल्लं हिने?" त्याने विचारलं. जसं काही ठाऊकच नव्हतं.

"सगळं. वाडगा धुवायची गरज नाही."

"तुमच्या हाताची चव असेल."

"माझ्या हाताला कसली चव? साधं उकडलेलं बीट," ती म्हणाली. "तुम्ही घरी तिच्याजवळ बसता ना जेवताना?"

"बसतो."

ते खरं होतं. तो रोज तिच्यासमोर खुर्ची ओढून बसायचा, हात टेबलावर ठेवून, तिच्या तोंडाकडे बघत. आग्रह करायचा नाही, लालूच दाखवायची नाही, टीव्ही लावायचा नाही, काय वाढायचं ते आपण ठरवायचं आणि किती खायचं ते मुलाने. गाजरमावशीने पहिल्या दिवशी सांगितलेलं सगळं तो पाळत होता. त्या दिवशी बाकावर सगळ्या आया होत्या आणि तो एकटा पुरुष. त्यांनी सरकून त्याला इतकी जागा करून दिली होती की तो आणखीच एकटा पडला.

मुलीला घरात बटण म्हणत. तो सोफे आणि खुर्च्या दुरुस्त करायचा, नवं कापड चढवायचा. ती जन्मली त्या दिवशी तो कामावरून तसाच धावत गेला होता आणि खिशात सोफ्याच्या पाठीला लावायचं कापडी बटण राहिलं होतं. ते त्याने तिच्या नाकाशी धरून पाहिलं. नाक लहान निघालं. बायको म्हणाली, हिचं नाव काहीही ठेव, पण ही बटणच.

रस्त्याने बटण त्याच्यापुढे उड्या मारत चालली होती. मावशी म्हणते बीट जमिनीत झोपलेलं असतं. मावशी म्हणते वाटाण्याच्या शेंगेत भावंडं असतात, कुणीतरी एक कायम लहान राहतं. मावशीचं गाजर किती जोरात वाजतं माहीत आहे का. तिने दात आपटून दाखवले. भाजीवाल्याच्या गाडीपाशी थांबून त्याने गाजरं घेतली, एक सदऱ्याला पुसलं आणि जोरात चावलं.

"असं?"

बटणने विचार केला.

"मावशीचं जास्त वाजतं," ती म्हणाली, आणि त्याचं तोंड पाहून घाईने पुढे म्हणाली, "तुझंही वाजतं."

ते 'ही' त्याला रात्रीपर्यंत पुरलं.

संध्याकाळी त्याने भोपळा चिरला. गाजरमावशी करते तशाच फोडी, सालासकट, कारण साल ठेवायचं असं ती म्हणाली होती. सोबत भात आणि अंडं. बटणने रेघ मारली. एका बाजूचं नीट, सावकाश, मागे काही न सांडता खाल्लं. मग चमचा ठेवला.

"आवडलं नाही का?"

"आवडलं."

"मग?"

"पोट भरलं."

आग्रह करायचा नाही. त्याने वाडगा उचलला, ओट्याशी गेला आणि उरलेलं उभ्याउभ्याच खाल्लं. टाकवत नसे म्हणून. स्वतःसाठी वेगळं वाढून घेणं त्याने सोडूनच दिलं होतं. बायको गेल्यावर पहिल्यांदा स्वयंपाक केला तेव्हा हाताच्या सवयीने तिघांपुरतं शिजलं आणि ते पातेलं बघून तो मागच्या पायरीवर जाऊन बसला होता. तेव्हापासून तो एका वाडग्यापुरतंच शिजवी. कामावर कुणी विचारलं तर म्हणे, घरी जाऊन खातो. घरी बहिणीने फोनवर विचारलं तर म्हणे, कामावर झालं.

तो खाऊन वाडगा नळाखाली धरेपर्यंत बटण स्वयंपाकघराच्या दारात उभी असायची. गोष्ट ऐकायची घाई असेल, असं त्याला वाटे.

बहिणीचा फोन त्या रात्रीही आलाच. तिने आधी भाचीची चौकशी केली, मग वजनाची. वजन जिथल्या तिथे आहे हे तिने ऐकून घेतलं. मग म्हणाली की तिने नवऱ्याशी बोलून ठेवलंय. शाळा सुरू होईपर्यंत फरक पडला नाही तर बटणला ती आपल्या गावी घेऊन जाणार. तिची दोन पोरं आहेत, त्यांच्यात बसून तीही चार घास जास्त खाईल. इथल्यासारखी तिथेही शाळा आहे.

"तिकडे त्या बाईंकडे चाटूनपुसून खाते म्हणतोस ना?"

"हो."

"मग बघ की दादा. पोरीला बाईमाणसाचा हात लागतो. तुझा दोष नाही त्यात."

त्याने फोन ठेवला. दोष असता तर बरं झालं असतं, असं त्याला वाटलं. दोष काढून टाकता येतो. खुर्चीचा पाय डुगडुगत असेल तर खाली चकती घालता येते. पुरुष असण्याला काय चकती घालणार?

त्या रात्री गाजरमावशीचा त्याला खरोखर राग आला. रागसुद्धा नाही. फाटक्या सोफ्याच्या पोटात हात घातला की तुटकी स्प्रिंग टोचते, तसं काहीतरी. ही बाई कोण, कुठली? बटणच्या आईने हिला कधी पाहिलंसुद्धा नव्हतं. बटणच्या आईने केलेली खीर बटण तोंडात धरून बसायची, गालाचा फुगा करून, आणि आई तिच्यामागे घरभर फिरायची. ते सगळं फिरणं कुणाच्या खाती गेलं? आणि आता ही येते, बीट उकडते, आणि पोरगी वाडगा पुसते.

दुसऱ्या दिवशी कामावर त्याचा जोडीदार काका डबा उघडून बसला. काका त्याच्याहून वयाने बराच मोठा, तोंडाचा फाटका आणि मनाचा बरा. काकाने दोन बोटांनी त्याच्या सदऱ्याची बाही चिमटीत धरून पाहिली.

"अरे, आत माणूस आहे का नुसता फोम भरलाय?"

तो हसला आणि ओठांत खिळे धरले. बारीक खिळे ओठांत धरायचे आणि एकेक काढून ठोकायचे, ही त्यांची कामाची रीत होती. तिचा एक फायदा असा, की तोंडात खिळे असले की कुणी खायचा आग्रह करत नाही.

संध्याकाळी पँट फारच घसरायला लागली म्हणून त्याने कामाची आरी घरी आणली आणि टेबलावर पट्टा पसरून नवं भोक पाडायला बसला. आधी पाडलेल्या भोकाच्या पुढे. बटण समोर चित्र काढत होती. ती थांबली आणि पट्ट्याकडे बघत राहिली.

"दोरा आणू?" तिने विचारलं.

"पट्ट्याला दोरा कशाला, वेडाबाई?"

ती रंगीत खडू होता तिथेच धरून बसली.

दोऱ्याचं त्याला पुष्कळ वेळाने आठवलं, दिवा मालवल्यावर. बायकोच्या बोटातून अंगठी निसटायला लागली होती तेव्हा बटणनेच तिला आतून पांढरा दोरा गुंडाळून दिला होता. मग दोऱ्यावर दोरा. शेवटी शेवटी बायको वाढलेलं ताट बघायलासुद्धा तयार नसे. तो ताट घेऊन जायचा आणि तसंच परत आणायचा. फक्त बटण आपलं उरलेलं घेऊन तिच्या पलंगाशी गेली तर ती त्यातले दोन घास घ्यायची. तुझं उष्टं गोड लागतं गं, म्हणायची. तो दारात उभा राहून बघायचा आणि त्याला बरंही वाटायचं आणि वाईटही. तेव्हाही त्याच्या हातचं ताट परतच येत होतं. हे आठवलं तेव्हा त्याने कूस बदलली आणि बळेच दुसऱ्या कामाचा विचार सुरू केला.

पुढच्या दिवशी त्याने एक गोष्ट केली, जी करायची नाही हे त्याला चांगलं ठाऊक होतं. परतताना दुकानातून क्रीमच्या बिस्किटांचा पुडा घेतला. चकचकीत वेष्टनाचा, गाजरमावशी जो पाहूनच कपाळाला आठ्या घालील असा. बटणला जवळ बोलावून हातात ठेवला आणि म्हणाला, मावशीला सांगू नकोस हं. आपल्या दोघांचं गुपित.

बटणचे डोळे मोठे झाले. तिने एक बिस्कीट काढलं, दोन्ही हातांनी धरून मधोमध मोडलं, अर्धं खाल्लं आणि अर्धं फ्रॉकच्या खिशात ठेवलं.

"ते कुणासाठी?"

"नंतर."

क्रीमचं बिस्कीटसुद्धा पूर्ण नाही. त्याच्या हातचं विषदेखील ही अर्धंच घेईल, असं त्याच्या मनात आलं आणि तो विचार इतका वाईट होता की त्याने पुडा उचलून वरच्या फळीवर मागे ढकलून दिला.

ते अर्धं बिस्कीट दोन दिवसांनी गाजरमावशीच्या हातात होतं. तो बटणला न्यायला आला तेव्हा ती जिन्याच्या तोंडाशीच थांबली होती. फ्रॉक ओला झाला म्हणून खिसा रिकामा केला, त्यात सापडलं म्हणाली. आवाज चढलेला नव्हता. इतर मुलं निघून गेली होती आणि बटण आत वाडगे एकात एक रचत होती.

"मला आता कळलं घरी हिचं पोट कसं भरतं ते," ती म्हणाली. "आधीच हे खाल्लं की मग रात्री अर्धाच वाडगा."

"एकदाच आणलं होतं."

"तुम्ही म्हणता एकदाच. सगळेच तसं म्हणतात."

"मी खोटं बोलतोय का?"

"मी कुठे तसं म्हटलं? मी इतकंच म्हणते की इथे ती नीट जेवते आणि घरी जेवत नाही, तर काहीतरी कारण असणार आणि ते घरातच असणार."

त्याने बिस्कीट तिच्या हातातून घेतलं. ते मऊ पडलं होतं, कडेला खिशातला दोरा चिकटला होता.

"तुमच्याकडे जेवते म्हणून तुम्ही तिच्या आई होत नाही," तो म्हणाला.

गाजरमावशीचा हात खिशाकडे गेला. गाजर अर्धं बाहेर आलं. मग तिने ते तसंच आत सरकवलं.

"नाही होत," ती म्हणाली.

तो बटणचा हात धरून खाली उतरला. फाटकापर्यंत त्याने मागे पाहिलं नाही. बटण मात्र मागे वळून वळून हात हलवत होती आणि तिच्या त्या हलणाऱ्या हाताचा झटका त्याच्या हाताला लागत होता.

आपण बोललो ते बरं नव्हतं, हे त्याला कळत होतं. माफी मागणं त्याच्या हातात बसत नसे, काम बसे. त्या खोलीतल्या बुटक्या खुर्च्यांच्या बैठका त्याने पहिल्याच दिवशी पाहिल्या होत्या. रेक्झिन चिरलेलं, आतला फोम पोरांनी बोटांनी उकरलेला. पुढच्या जेवणाच्या दिवशी तो पेटी आणि रेक्झिनची गुंडाळी घेऊन बटणबरोबरच वर गेला आणि दारात उभा राहून म्हणाला की खुर्च्या करून देतो. काही द्यायचं नाही. पोरं जेवत असली तरी चालेल, तो कोपऱ्यात बसेल.

माफीचं इतकंच होतं. बाकीचं असं, की त्याला आत बसून बघायचं होतं. फटीतून एकच डोळा जातो. ही बाई नेमकं काय करते, कुठला शब्द बोलते, कुठे हात ठेवते, ते एकदा नीट बघितलं की तेच घरी करता येईल, असा त्याचा हिशेब होता.

गाजरमावशीने पेटीकडे पाहिलं, त्याच्याकडे पाहिलं.

"ठोकाठोकी मुलांना आवडेल," ती म्हणाली. "या."

तो खिडकीखाली सतरंजीवर बसला. एक खुर्ची उलटी करून जुने खिळे उपसले, नवा फोम कापला, रेक्झिन ताणून ओठांतला एकेक खिळा ठोकू लागला. पोरं सुरुवातीला भोवती जमली. एकाने विचारलं, खिळे गिळले तर? दुसरा म्हणाला, मग ह्यांचं वजन वाढेल. गाजरमावशीने त्यांना जागेवर बसवलं.

तो बघत होता. ती काहीच करत नव्हती. पातेल्यातून डावाने वाढत होती, मसूर आणि भोपळ्याचं दाट सूप, सोबत पावाचा जाड तुकडा. सगळ्यांना वाढून झालं की स्वतःला एक वाडगा घेतला आणि त्याच बुटक्या टेबलाशी, गुडघे बाजूला वळवून, बसली आणि खायला लागली. कुणाच्या तोंडाकडे बघत नव्हती. एका मुलाने सूप नको म्हटलं, तर बरं म्हणाली. थोड्या वेळाने त्यानेच चमचा उचलला. ह्यात शिकण्यासारखं काय होतं ते त्याला कळेना. म्हणजे ते तिच्या अंगातच असणार. आवाजात, वासात, कशात तरी. तो खिळे जरा जास्तच जोराने ठोकू लागला.

बटणने आपली खुर्ची फिरवून घेतली होती, तो दिसेल अशी. तिने चमचा हातात घेतला आणि सुपाच्या मधोमध रेघ मारली. दाट सूप जरा वेळ रेघ धरून राहिलं. ती अलीकडच्या बाजूने खायला लागली. रेघ बुजली की पुन्हा मारायची. अर्ध्यावर आली तशी तिने चमचा ठेवला.

"हे काय?" गाजरमावशी म्हणाली. "आज अर्धंच?"

"पोट भरलं."

गाजरमावशीचा चमचा थांबला. तिने वाकून बटणच्या कपाळाला हात लावून पाहिला.

त्याच्या आत काहीतरी एकदम हलकं झालं. तिच्याकडेही अर्धंच. बाईमाणूस असून, हाताची चव असून, गाजर असून. आज रात्री बहिणीला फोन करून सांगायचं वाक्यसुद्धा त्याच्या मनात तयार झालं. ओठांत खिळे होते म्हणून, नाहीतर हसू कुणालाही दिसलं असतं.

मग त्याने पाहिलं की बटण उठली आहे. वाडगा तिने दोन्ही हातांनी पोटाशी धरला होता. सांडू नये म्हणून डोळे वाडग्यावर, पावलं घासत, खुर्च्यांच्या मधून वाट काढत ती त्याच्याकडे येत होती. येऊन तिने तो वाडगा त्याच्या पेटीवर, हातोडीशेजारी ठेवला. पावाचा अर्धा तुकडा खिशातून काढून त्यावर ठेवला.

"बाबा, हे तुझं."

त्याने ओठांतले खिळे हातात घेतले.

"मला नको गं. तू खा."

गाजरमावशी तिच्यामागोमाग आली होती. ती हसून म्हणाली की पातेल्यात अजून पुष्कळ आहे, बाबांना हवं तर ती वेगळं वाढील, बटणने आपलं आपण संपवावं.

बटणने मान हलवली. अगदी लहान मुलाला समजवावं तशा आवाजात ती गाजरमावशीला म्हणाली,

"त्याला वेगळं वाढलेलं चालत नाही. तो माझं उरलेलंच खातो. आई पण तेच खायची."

खोलीत पोरांचे चमचे वाजत होते.

"मग एक दिवस मला खूप भूक लागली होती," बटण म्हणाली, "आणि मी सगळं संपवलं."

तिने पुढे होऊन त्याच्या पट्ट्याचं नवं भोक बोटाने चाचपून पाहिलं आणि बोट मागे घेतलं.

त्याच्या हातात खिळे होते. मूठ मिटली गेली आहे हे त्याला तळव्याला टोचल्यावर कळलं. तो दिवस त्याला आठवला, बायकोचा शेवटचा. घरात माणसं होती, शेजारणीने पोरीला एका बाजूला बसवून जेवायला वाढलं होतं, आणि कुणीतरी म्हणालं होतं की लेकरू बघा कसं भुकेलं होतं, सगळं संपवलं. ते त्याने ऐकलं होतं. ऐकून बरं वाटलं होतं.

त्याने गाजरमावशीकडे पाहिलं. ती त्याच्याकडे बघत नव्हती. ॲप्रनच्या खिशात हात घालून ती खिडकीबाहेर बघत होती आणि खिशात गाजर असूनही तिने ते काढलं नाही.

त्याने खिळे एकेक करून डबीत ठेवले. डबीचं झाकण लावलं. मग नुकतीच ठोकून झालेली खुर्ची सुलटी केली, पेटीवरचा वाडगा उचलला आणि दोन्ही घेऊन टेबलाशी गेला. बटणचा वाडगा बटणच्या जागी ठेवला आणि तिच्याशेजारी खुर्ची मांडून बसला. गुडघे हनुवटीपर्यंत आले. मघाचा पोरगा हसला.

"मलाही वाढा," तो म्हणाला.

गाजरमावशीने वाडगा भरून आणला. पिवळाच. काठापर्यंत भरला होता, इतका की हलवायची सोय नव्हती. त्याने चमचा घातला. पहिला घास सावकाश गेला. दुसरा त्यामानाने सोपा गेला. सूप चांगलं होतं, त्याच्या सुपापेक्षा चांगलं होतं, आणि ते तसं आहे हे त्याला अजूनही थोडं लागलं. मीठ कमी घालून असं कसं करते, विचारायला हवं, असंही वाटून गेलं.

बटण खात नव्हती. हात मांडीवर ठेवून ती त्याच्या वाडग्यात बघत होती. चमचा खाली गेला की तिची नजर खाली, वर आला की वर. त्याने रेघ मारली नाही. थांबलाही नाही. तळाशी आल्यावर पावाचा तुकडा घेऊन वाडगा पुसला, कडेने, मग मधून, तिने बिटाच्या दिवशी पुसला होता तसा, आणि रिकामा वाडगा तिरका करून तिला दाखवला.

तिने आत वाकून पाहिलं. बोट घालून तळ तपासला.

"आणखी?" तिने विचारलं. आवाज गाजरमावशीचा होता, अगदी तंतोतंत.

"आणखी," तो म्हणाला.

गाजरमावशी डाव घेऊन आली. त्याच्या वाडग्यात सूप पडेपर्यंत बटणने वाट पाहिली. मग तिने आपला अर्धा वाडगा दोन्ही हातांनी जवळ ओढला आणि चमचा शोधू लागली.